फुकटचा हत्ती

हेमा गेली हे डॉक्टरांनी मला दवाखान्याच्या जिन्यात सांगितलं. मी खाली औषधं आणायला गेलो होतो आणि पिशवी घेऊन वर चढत होतो. ते वरून उतरत होते. म्हणाले, "आता हे नको, अनिलराव." मला वाटलं औषध बदललं. मी विचारलं, "मग दुसरं कुठलं आणू?" त्यांनी माझ्या हातातली पिशवी काढून घेतली. तेव्हा कळलं.

सकाळी ती अंगणात आमसुलं वाळत घालत होती. मी मिरकरवाड्यात जायच्या तयारीत होतो. तिथे मी बोटींची इंजिनं दुरुस्त करतो. मागून सूप पडल्याचा आवाज आला. बघतो तर ती आमसुलांवरच आडवी पडली होती. मेंदूत रक्तस्राव, असं नंतर सांगितलं. आजारी म्हणून नव्हती. आदल्या दिवशी तिने मला बांगडे नीट बघून आणत नाही म्हणून सुनावलं होतं.

जिन्यात उभा असताना मला पहिला विचार आला तो उन्मेषचा. त्याची आई गेली म्हणून नाही. आज त्याची शेवटची फेरी आहे म्हणून.

उन्मेष आमचा एकुलता एक. बुद्धिबळ खेळतो, दुसरं काही करत नाही. तेव्हा तो हंगेरीत एका स्पर्धेत होता. ग्रँडमास्टर व्हायचं तर मोठ्या स्पर्धांमध्ये तीन वेळा ठरावीक दर्जाचा खेळ करून दाखवावा लागतो. त्याला नॉर्म म्हणतात. त्याचे दोन झाले होते. तिसरा एकदा अर्ध्या गुणाने गेला, एकदा आजारी पडला म्हणून गेला. या वेळी शेवटचा डाव जिंकला तर होणार होता. बरोबरी चालणार नव्हती.

त्याला हा खेळ हेमाने शिकवला. लग्नाआधी ती जिल्ह्यात खेळायची. मला सोंगट्या कशा चालतात तेवढं येतं, पुढचं नाही. रात्री जेवताना ती आम्हाला मोठ्या खेळाडूंच्या गोष्टी सांगायची, जशा इतर बायका मालिकांच्या सांगतात. कोण लहानपणी उपाशी राहिला, कोणाला देश सोडावा लागला, कोण जगज्जेता झाला आणि मग माणसांत येईनासा झाला. एकदा मी म्हटलं, "अगं, यातला एक तरी सुखाने जेवला की नाही?" ती म्हणाली, "जेवले असतील. पण वाढलं कोणी ते पुस्तकात नाही. घरच्यांचं नाव कोण लिहितो?"

दुपारच्या आत हेमाची धाकटी बहीण नम्रता अलोऱ्याहून आली. हेमाला दवाखान्यात नेताना मी तिला गाडीतूनच फोन केला होता. ती सरळ दवाखान्यात आली, हेमाला बघितलं, आणि बाहेर येऊन मला म्हणाली, "उन्मेषला कळवलंत?"

"नाही."

"भावोजी, त्याची आई गेलीय."

"विमान रात्रीचंच आहे. चौकशी केली मी. आत्ता सांगितलं काय, डाव झाल्यावर सांगितलं काय, तो पोचायचा तेव्हाच पोचणार. मग डाव तरी होऊ दे."

"आणि उद्या तो विचारेल की मावशी, तू पण गप्प बसलीस?"

"माझं नाव सांग."

ती परत आत हेमाजवळ गेली. मला माझं म्हणणं बरोबर वाटत होतं. आजही मी तेच गणित मांडून बघतो आणि ते चुकत नाही. हेमाला दवाखान्यातल्या शीतपेटीत ठेवायचं ठरलं. मुलगा आल्याशिवाय अग्नी कोण देणार? यावर कोणी वाद घातला नाही.

पण एक अडचण होती. ती मला घरी आल्यावर आठवली.

पडवीत खिडकीशी एक पट मांडलेला असायचा. त्याला हात लावायची मला बंदी होती. त्यावर हेमा आणि उन्मेषचा डाव चालू असायचा. तो स्पर्धेला गेला की प्रत्येक फेरीच्या दिवशी ती त्याला एक चाल फोनवर लिहून पाठवायची. फक्त चाल. शुभेच्छा नाहीत, नीट खेळ नाही, जेवलास का नाही. तो फेरीला जायच्या आधी उलट चाल पाठवायचा. एक डाव महिनोन्‌महिने चालायचा. तिची चाल आल्याशिवाय तो हॉटेलातून निघत नाही, असं ती मोठ्या ऐटीत शेजारणींना सांगायची.

आणि आज तिची चाल गेली नव्हती. ती दुपारी आमसुलांचं काम उरकून पाठवणार होती.

मी तिचा फोन उघडला. त्याचा शेवटचा संदेश कालचा, एक चाल. आजची तिची बाकी होती. मी पटाकडे बघितलं. सोंगट्या नेहमीसारख्या उभ्या होत्या. मला त्यातलं काही कळेना.

नम्रता दारात उभी होती. "काय करताय?"

"चाल गेली नाही तर त्याला संशय येईल."

"म्हणजे तुम्ही ताईच्या नावाने..."

तेवढ्यात हरिहर सर आले. हे निवृत्त मास्तर, आमच्या गल्लीच्या टोकाला राहतात. वाचनालयात हेमाबरोबर खेळायचे आणि बहुतेक हरायचे. बातमी ऐकून धावत आले होते, सदऱ्याची बटणं खालीवर लागलेली. बसले, रडले. मी त्यांना रडू दिलं आणि मग म्हटलं, "सर, एक चाल सांगा."

त्यांना आधी वाटलं माझं डोकं फिरलं. मी सगळं सांगितलं. त्यांनी डोळे पुसले, चष्मा चढवला आणि पटावर वाकले. थोड्या वेळाने म्हणाले, "अनिलराव, इथे तर हत्ती फुकट उभा आहे."

"म्हणजे?"

"उन्मेषचा हत्ती. ताईंच्या उंटाच्या वाटेत. उचलायचा नि खिशात घालायचा. पोरगं स्पर्धेच्या गडबडीत चुकलेलं दिसतंय."

"मग घ्या तो."

ते पुन्हा वाकले. "पण ताईंना हे दिसलं नसेल? कालपासून उभा आहे म्हणता? मला तर त्या वाचनालयात प्यादंसुद्धा सोडायच्या नाहीत हो. कंजूष बाई."

"सर, तिला वेळ झाला नाही. ती गेली."

"हो, हो." ते गडबडले. "हाच घ्या. याच्याहून चांगली चाल नाही. कोणीही हेच खेळेल."

मी हेमाची लिहायची पद्धत बघून, पटावरच्या घराचं अक्षर आणि आकडा बरोबर उतरवून, चाल पाठवली. दोनदा पुसून लिहिली. पाठवल्यावर निळ्या खुणा आल्या. त्याने वाचलं. उत्तर आलं नाही. हरिहर सर म्हणाले, "हत्ती गेल्यावर काय उत्तर देणार! शरमला असेल."

पटावरचा हत्ती त्यांनी उचलून बाजूला ठेवला. नम्रता आत निघून गेली.

फेरी आमच्या दुपारची होती. हे डाव फोनवर दिसतात. पट दिसतो, दोघांची घड्याळं दिसतात, माणसं दिसत नाहीत. हेमा रोज बघायची, त्यामुळे कुठे दाबायचं ते मला माहीत होतं. बाहेर अंगणात लोक जमायला लागले होते. मी पडवीत फोन तांब्याला टेकवून ठेवला आणि समोर बसलो. लोकांना वाटलं असेल मी कोणाला तरी कळवतोय.

उन्मेष काळ्या सोंगट्यांनी खेळत होता. पहिल्या चाली भराभर झाल्या. मग समोरच्याने घोडा हलवला आणि उन्मेषचं घड्याळ चालू झालं आणि चालूच राहिलं.

हरिहर सर फोनवर वाकले. मग म्हणाले, "हे काय? ही तर पुस्तकातली जागा आहे. इथे एकच चाल. तो झोपेतही खेळेल."

घड्याळ चालत होतं. आकडे खाली येत होते. पटावर काही हलत नव्हतं. मी इंजिनाच्या कामातला माणूस. बंद पडलेलं इंजिन आणि बंद ठेवलेलं इंजिन यातला फरक मला लांबून कळतो. मला वाटलं हे बंद पडलंय.

"नेट गेलं असेल," मी म्हटलं.

"घड्याळ चालतंय ना," हरिहर सर म्हणाले.

नम्रता माझ्या मागे येऊन उभी राहिली होती. ती म्हणाली, "त्याला कळलंय."

"कसं कळेल? फोन तर दाराबाहेर जमा करतात. कोणी सांगणार नाही."

"मला माहीत नाही कसं. पण कळलंय."

अर्ध्या तासाच्या वर तो तसाच बसला. वेळ इतका कमी उरला की हरिहर सरांनी बघायचं सोडून दिलं आणि खिडकीकडे तोंड केलं. मग चाल झाली. तीच, पुस्तकातली. त्यानंतर तो थांबला नाही. समोरचा विचार करायचा, हा लगेच खेळायचा. हरिहर सर परत येऊन बसले. मधे मधे नुसते "अरे," "अरे बापरे" म्हणत होते. मला काही समजत नव्हतं, पण त्यांच्या चेहऱ्यावरून समजत होतं. संध्याकाळी समोरच्याने डाव सोडला.

हरिहर सर उभे राहिले आणि त्यांनी टाळी वाजवली. एकच. दुसरी वाजवायला हात वर गेले होते ते तसेच राहिले. अंगणातले सगळे आमच्याकडे बघत होते.

मी हसलो होतो. हेमा सकाळी गेली होती आणि मी तोंड भरून हसलो होतो. ते मला नम्रताच्या चेहऱ्याकडे बघितल्यावर कळलं.

आता त्याला फोन करायचा होता. डाव जिंकला की तो पहिला फोन हेमाला करायचा. म्हणून मी तिचा फोन हातात धरून बसलो, की तो वाजला की मी उचलेन आणि सांगेन. कसं सांगायचं ते मनात जुळवत होतो. पण तिचा फोन वाजलाच नाही. माझा वाजला.

"बाबा, कधी?"

"काय कधी?"

"आई."

मी तिचा फोन खाली ठेवला. तो म्हणाला, "बाबा, ऐकताय ना? कधी गेली?"

"सकाळी," मी म्हटलं.

"मी निघतो," म्हणाला आणि फोन ठेवला.

तो येईपर्यंतचं मला धड आठवत नाही. एक गोष्ट मात्र आठवते. धाकू आमच्या नाक्यावर फ्लेक्स लावायचं काम करतो. तो दुसऱ्या दिवशी दारात आला. चप्पल काढून उभा राहिला आणि म्हणाला, "अण्णा, मंडळाने दोन फ्लेक्स दिलेत छापायला. एक वहिनींचा, भावपूर्ण श्रद्धांजलीचा. एक उन्मेषदादाचा, अभिनंदनाचा. नाक्यावर खांब एकच हाय. वर कुठचा लावू?"

मी त्याच्याकडे बघत राहिलो. तो बिचारा खरंच विचारत होता.

"तूच ठरव," मी म्हटलं.

"वहिनी मोठ्या. त्या वर," तो म्हणाला आणि गेला.

उन्मेष मुंबईहून रेल्वेने आला. मी त्याला आणायला गेलो होतो. स्टेशनवरून रिक्षाने येताना नाका लागतोच. वर हेमा, आमच्या भाच्याच्या लग्नातल्या फोटोत, हसणारी. खाली उन्मेष, हार घातलेला, कुठल्या तरी जुन्या बक्षीस समारंभातला. खाली लिहिलं होतं, आमच्या गल्लीचा ग्रँडमास्टर. त्याने बघितलं. मला वाटलं काहीतरी बोलेल. तो रिक्षावाल्याला म्हणाला, "सरळ दवाखान्यात घ्या."

अग्नी त्याने दिला. रडला नाही. लोक म्हणाले, पोरगं खंबीर आहे. मला ते खंबीर वाटलं नाही.

दोन दिवसांनी सकाळी तो पडवीत पटासमोर बसला होता. मी चहा घेऊन गेलो. त्याने बाजूला ठेवलेला हत्ती हातात घेतला होता.

"ही चाल कोणी केली?"

"हरिहर सरांनी सांगितली. पाठवली मी."

"मला वाटलंच होतं, सरच असणार. सरांना खाता आलं की थांबवत नाही."

"चूक होती का चाल?"

"नाही. चाल बरोबर आहे." त्याने हत्ती खाली ठेवला. "बाबा, हा हत्ती मी मुद्दाम ठेवला होता."

मला कळेना. त्याने सांगितलं. आईबरोबर खेळताना तो नेहमी काहीतरी उघडं ठेवायचा. कधी घोडा, कधी हत्ती. नाहीतर डाव लवकर संपला असता, आणि त्याला तो संपवायचा नव्हता. पहिल्यांदा ठेवलं तेव्हा हेमाने चालीऐवजी एकच ओळ लिहिली होती, आईला भीक घालतोस काय मेल्या? त्यानंतर तो ठेवायचा आणि ती घ्यायची नाही. त्याच्या आजूबाजूने खेळायची. मग तो लाजून आपली सोंगटी मागे घ्यायचा आणि दुसरी उघडी ठेवायचा.

"किती दिवस चाललं हे?"

"दिवस? बाबा, वर्षं झाली."

मी त्याच घरात राहत होतो. त्याच पडवीत सकाळी पेपर वाचत होतो. मला वाटायचं हे दोघं खेळतायत. कोण जिंकतंय एवढंच मी विचारायचो. हेमा म्हणायची, चाललंय.

"हॉलच्या दारात वाचलं मी," तो म्हणाला. "हत्ती घेतलेला. आईने घेतला नसता. मरता मरता घेतला नसता." हे बोलून तो थांबला. आपण काय बोललो ते त्याला कळलं असावं.

"मग फोन का नाही केलास? फोन हातात होता ना?"

"नुसती आजारी असती तर कोणी तिच्या नावाने चाल पाठवली नसती, एवढं कळलं होतं. फोन केला असता तर तुम्ही खोटं बोलला असतात. आणि मला ते ऐकू आलं असतं. किंवा खरं बोलला असतात. मग मी आत गेलो नसतो."

"मग गेलास कशाला?"

त्याने माझ्याकडे असं बघितलं की मी हे विचारायला नको होतं. "तुम्ही चाल पाठवलीत ना? आई गेली असताना तुम्ही बसून चाल पाठवलीत. म्हणजे मी खेळावं असं तुम्हाला वाटतंय, असं समजलो. तुमच्यासाठी आत गेलो मी."

"मी तुझ्या आईसाठी पाठवली. तिला वाटलं असतं तू खेळावंस."

"तिला वाटलं असतं मी घरी यावं."

"तुला कसं माहीत?"

"तुम्हाला कसं माहीत?"

दोघांनाही माहीत नव्हतं. विचारायचं कोणाला? तिचा फोन तिथे खिडकीत होता. त्यात ती एक ओळ सोडली तर सगळ्या नुसत्या चाली होत्या.

मी म्हटलं, "मी काही पाठवलंच नसतं तर?"

तो म्हणाला, "तर मला वाटलं असतं रेंज गेली. आपल्याकडे जातेच. मी बिनघोर खेळलो असतो."

हे त्याने मला लागावं म्हणून म्हटलं नव्हतं. विचारलं म्हणून सांगितलं. पण मी खाली बसलो. चहाचा कप माझ्याच हातात राहिला होता.

"तिची चाल आल्याशिवाय तू हॉटेल सोडत नाहीस, असं ती म्हणायची."

"तिला तसं वाटायचं. मी वाटू दिलं."

कप खाली ठेवून मी विचारलं, "तो अर्धा तास काय करत होतास?"

"रडू येईल म्हणून थांबलो होतो. आलं नाही. मग घड्याळाकडे बघितलं. मग पटाकडे बघितलं. आणि बाबा, एकदा बघितल्यावर मला फक्त तेच दिसलं. डाव. आई दिसलीच नाही. समोरचा उठला, त्याने हात पुढे केला, तेव्हा मला आनंद झाला. थोडा नाही. खूप झाला."

मी त्याला सांगितलं की मलाही झाला. मी हसलो होतो आणि सरांनी टाळी वाजवली होती. वाटलं, ऐकून त्याला जरा हलकं वाटेल. तो उठला आणि अंगणात गेला. तिथे आमसुलांची ताडपत्री अजून अंथरलेलीच होती. आमसुलं पार कडक होऊन गेली होती. तो ती गोळा करायला लागला. मीही गेलो.

आता पाऊस संपून ऊन पडायला लागलंय. उन्मेष घरीच आहे. सकाळी माझ्याबरोबर मिरकरवाड्यात येतो, पाने हातात देतो, डिझेलने हात काळे करून घेतो. काम वाईट करत नाही. पुण्याहून त्याच्या प्रशिक्षकांचे फोन येतात, तो उचलत नाही, मग ते मला करतात. मी म्हणतो सांगतो त्याला. हरिहर सर रस्त्यात भेटले की त्याला "ग्रँडमास्टर" अशी हाक मारतात. त्यांना हत्तीचं काही सांगितलेलं नाही, आणि उन्मेष म्हणतो सांगू नका. त्यांना वाटतं त्या दिवशी निदान एक चाल तरी त्यांनी चांगली खेळली.

पण तो ग्रँडमास्टर अजून झालेला नाही. नॉर्मचे तिन्ही कागद महासंघाकडे जावे लागतात, मग पदवी मिळते. हंगेरीचा कागद त्याने आणलेला आहे, पंचांची सही आहे, शिक्का आहे. परवा मी विचारलं, पाठवू का? तो म्हणाला, "तुम्ही नका पाठवू." मी पाठवणार म्हटलं असतं तर त्याने अडवलं नसतं. पण मी त्याच्या वतीने आता काही पाठवणार नाही.

तोही पाठवत नाही. कागद पाठवायचे राहिले आहेत.